फुकटचे सॉफ्टवेअर आणि आजींच्या ओव्या

सांगलीच्या गावभागात, एका जुन्या वाड्याच्या तळमजल्यावर माझा ध्वनिमुद्रणाचा छोटा स्टुडिओ आहे. हळदीच्या व्यापारी पेढ्यांच्या जाहिराती, निवडणुकीत रिक्षावरून फिरणाऱ्या घोषणा, भजनी मंडळांचे अभंग, गणेशोत्सवातील देखाव्यांची निवेदने, हौशी नाट्यसंस्थांचे पार्श्वसंगीत आणि मिरजेच्या तंतुवाद्य कारागिरांना आपल्या तानपुऱ्याची जवारी परगावच्या गिऱ्हाइकाला ऐकवण्यासाठी हवे असलेले नमुने, असे काम येथे वर्षभर चालते. या कामासाठी मी २०१४ पासून २०२० च्या फेब्रुवारीपर्यंत चोरीचे सॉफ्टवेअर वापरले. लायसन्सची तपासणी मोडलेल्या सॉफ्टवेअरसाठीचा ‘क्रॅक’ हा शब्द आपल्या धंद्यात इतका रुळला आहे की त्यामागची चोरी कोणाच्या मनातही येत नाही. मी मात्र येथे चोरी हाच शब्द वापरणार आहे, कारण जे घडले ते सांगताना दुसरा कोणताही शब्द मला प्रामाणिक वाटत नाही.

२०२० च्या जानेवारीत जिल्हा परिषदेच्या शाळेतील एक शिक्षक माझ्याकडे आले. तासगाव तालुक्यातील त्यांच्या गावी त्यांची ब्याऐंशी वर्षांची आजी होती आणि तिला जात्यावरच्या शेकड्याने ओव्या पाठ होत्या. त्या ध्वनिमुद्रित करून ठेवाव्यात, एवढीच त्यांची इच्छा होती. त्यातून काही विकायचे नव्हते की कोठे प्रसिद्ध करायचे नव्हते. आजींना स्टुडिओत आणून बसवून पाहिले, पण जात्याच्या खुंट्याला हात लागल्याशिवाय त्यांना पुढची ओवी आठवेना. शेवटी मीच सामान घेऊन त्यांच्या घरी गेलो. एक मायक्रोफोन त्यांच्या तोंडाजवळ आणि दुसरा जात्यापासून दोन हात अंतरावर लावला, दाराला गोधडी टांगली आणि सलग दोन दिवस सकाळच्या वेळी चौतीस तुकडे मुद्रित केले. दोन ओव्यांच्या मधल्या वेळात आजी जात्यात मूठभर दाणे सोडत आणि कोणती ओवी कोणाकडून ऐकली ते सांगत. माहेरच्या चुलतीकडून आलेली ओवी सांगताना त्यांचा आवाज खाली जात असे. तेही सगळे मी मुद्रित होऊ दिले.

घरी येऊन ऐकल्यावर लक्षात आले की जात्याची घरघर आवाजाच्या मायक्रोफोनमध्येही बरीच उतरली होती. ती पूर्ण काढायची नव्हती, कारण जात्याविना ती ओवी पोरकी झाली असती. पण आजींचे शब्द स्पष्ट ऐकू येतील इतकी कमी करणे आवश्यक होते. असे काम चांगले करणारे एक प्लगिन, म्हणजे मुख्य सॉफ्टवेअरला जोडून चालणारा छोटा प्रोग्रॅम, मला ठाऊक होते आणि त्याची किंमत त्या वेळी पंचवीस-तीस हजारांच्या घरात होती. आदल्या ऑगस्टमध्ये कृष्णेचे पाणी आयर्विन पुलापाशी ५७ फुटांच्या वर गेले होते आणि आमच्या वाड्याचा तळमजला त्यात बुडाला होता. संगणक, मायक्रोफोन आणि हार्डडिस्क आम्ही वरच्या मजल्यावर नेऊन वाचवल्या, परंतु भिंतींचे अस्तर, दरवाजा, वायरिंग असे सगळे नव्याने करावे लागले होते. हातात पैसा नव्हता. ही सबब म्हणून सांगत नाही, कारण पैसा असता तरी त्या काळात मी ते प्लगिन विकत घेतले असते असे मला वाटत नाही. सहा वर्षांपूर्वी संगणक जोडून देणाऱ्याने, “साहेब, लागेल ते सगळं टाकून देतो,” असे म्हणून मुख्य सॉफ्टवेअर आणि शंभराहून अधिक प्लगिन एका पेनड्राइव्हमधून माझ्या संगणकात भरून दिले होते, आणि तेव्हापासून सॉफ्टवेअरसाठी पैसे मोजावे लागतात ही कल्पनाच माझ्या हिशेबाच्या वहीत कधी आली नव्हती.

एका रात्री ते प्लगिन शोधून मी उतरवून घेतले. झिप फाइलमध्ये एक छोटी मजकुराची फाइल होती आणि तीत तीन सूचना होत्या. अँटिव्हायरस बंद करा, इंटरनेट बंद करा आणि क्रॅकवर उजवी टिचकी देऊन तो अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा. या सूचना मी यापूर्वी पन्नास वेळा पाळल्या होत्या. विंडोजने लाल पट्टी दाखवली, तीही मी नेहमीप्रमाणे बाजूला सारली. क्रॅक म्हटला की अँटिव्हायरस ओरडणारच, ती खोटी धोक्याची घंटा असते, अशी आपल्या सगळ्यांची समजूत आहे, आणि ती सर्वस्वी निराधार नाही हेच तिचे घातकपण आहे. लायसन्सची तपासणी मोडणारा प्रोग्रॅम आणि खरे दुष्ट सॉफ्टवेअर बाहेरून पुष्कळदा सारखेच दिसतात, म्हणून दोन्हींना सारखीच सूचना मिळते. पन्नास वेळा काही बिघडत नाही, आणि त्या पन्नास वेळांतून आपल्याला एकच सवय लागते, की लाल पट्टी आली तरी पुढे जायचे.

सकाळी संगणक चालू केला तेव्हा पडद्यावरील चित्र नाहीसे झाले होते आणि प्रत्येक फाइलच्या नावाला चार अक्षरांचे एक अनोळखी शेपूट लागले होते. प्रत्येक फोल्डरमध्ये ‘रीडमी’ नावाची एक फाइल होती. तुमच्या फाइली कुलूपबंद केल्या आहेत, किल्लीची किंमत ९८० डॉलर, बहात्तर तासांच्या आत संपर्क साधल्यास निम्मी म्हणजे ४९० डॉलर, असा तिचा मजकूर होता. ४९० डॉलर म्हणजे त्या दिवसाच्या दराने जवळपास पस्तीस हजार रुपये. महापुरातून उचलून वर नेलेली हार्डडिस्कही रात्रभर संगणकालाच जोडलेली होती, त्यामुळे तिच्यावरील प्रती, ज्यांना मी बॅकअप म्हणत होतो, त्याही त्याच अवस्थेत होत्या. विंडोज स्वतःहून जुन्या फाइलींच्या ज्या प्रती राखून ठेवते, त्याही पुसलेल्या होत्या.

या प्रकाराला स्टॉप किंवा डीजेव्हीयू असे नाव आहे. हे खंडणीचे सॉफ्टवेअर मोठ्या कंपन्यांच्या मागे लागत नाही; ते प्रामुख्याने क्रॅकमधून आणि खोटा लायसन्स-क्रमांक बनवणाऱ्या की-जेनमधूनच पसरते, म्हणजे त्याचे भक्ष्य मुळातच घरगुती वापर करणारे, विद्यार्थी आणि माझ्यासारखे छोटे धंदेवाले असतात. एम्सीसॉफ्ट या कंपनीने ऑक्टोबर २०१९ मध्ये त्याच्या १४८ उपप्रकारांसाठी कुलूप उघडणारे साधन मोफत उपलब्ध केले होते, हे मला त्या दिवशी दुपारी कळले आणि जीव भांड्यात पडला. तो फार वेळ तेथे राहिला नाही. ऑगस्ट २०१९ नंतरच्या नव्या उपप्रकारांत कुलूप लावण्याची पद्धत बदलली होती. संसर्गाच्या वेळी ते सॉफ्टवेअर आपल्या सर्व्हरशी बोलू शकले नाही, तर ते एक ठरावीक किल्ली वापरते आणि ती पुढेमागे सापडू शकते. बोलू शकले, तर प्रत्येक संगणकासाठी वेगळी किल्ली तयार होते आणि ती केवळ त्या चोरांकडेच राहते. खंडणीच्या चिठ्ठीत एक लांबलचक ओळखक्रमांक असतो. त्याच्या शेवटी ‘टी’ हे इंग्रजी अक्षर आणि एकचा आकडा असेल तर किल्ली ठरावीक आहे असे समजावे. माझ्या क्रमांकाच्या शेवटी ते नव्हते. सूचनेप्रमाणे मी इंटरनेट बंद केले होते, पण प्लगिन उघडल्यावर ते चालते की नाही हे पाहून झोपण्यापूर्वी मीच इंटरनेट पुन्हा चालू केले होते.

पैसे भरायचे नाहीत हे मी पहिल्याच दिवशी ठरवले. त्यात शौर्य काही नव्हते. पैसे घेऊन ते किल्ली देतीलच याची हमी नव्हती, आणि ज्या माणसाने रात्री घरात शिरून कुलूप लावले त्याच्याच हातात पुन्हा पैसे ठेवणे मनाला पटत नव्हते.

यानंतरचा भाग मी सविस्तर लिहितो, कारण अशा प्रसंगात सापडलेल्या एखाद्या स्टुडिओवाल्याला त्याचा उपयोग होऊ शकेल. हे सॉफ्टवेअर घाईत असते. हजारो फाइली थोड्या वेळात उरकायच्या असल्यामुळे ते मोठ्या फाइलीचा केवळ सुरुवातीचा सुमारे १५० केबी भाग कुलूपबंद करते आणि उरलेली फाइल जशीच्या तशी सोडून देते. वर्डची किंवा एक्सेलची फाइल एवढ्याने निकामी होते. वेव्ह फाइलीचे तसे नसते. वेव्हमध्ये आरंभी एक छोटे शीर्षक असते, ज्यात आवाज किती बिटांचा, सेकंदाला किती नमुन्यांचा आणि किती वाहिन्यांचा आहे ही माहिती लिहिलेली असते, आणि त्यानंतर केवळ आवाजाचे आकडे एकापाठोपाठ एक मांडलेले असतात. शीर्षक गेले तर कोणताही प्लेअर ती फाइल उघडत नाही, परंतु ती माहिती आपल्याला तोंडपाठ असेल तर शीर्षकाची गरजही नसते. मी चोवीस बिट, ४८ किलोहर्ट्झ आणि एक वाहिनी असे मुद्रण केले होते. म्हणजे एका सेकंदाला १,४४,००० बाइट. कुलूपबंद भाग १,५३,६०० बाइटांचा. गेले होते ते एका सेकंदाहून किंचित अधिक.

हा हिशेब कागदावर मांडला तेव्हा माझा हात थरथरत होता. संसर्ग झालेला संगणक बाजूला ठेवून, त्यातील डिस्क काढून पुतण्याच्या लॅपटॉपला जोडली, त्या लॅपटॉपवर ऑडॅसिटी हे मोफत सॉफ्टवेअर घातले आणि त्यातील ‘रॉ डेटा’ आयात करण्याची सोय उघडली. तेथे चोवीस बिट, लिटल-एंडियन हा बाइटांचा क्रम, मोनो म्हणजे एक वाहिनी आणि ४८,००० ही माहिती आपण स्वतः भरायची असते. पहिल्या वेळी कानठळ्या बसतील अशी खरखर ऐकू आली. चोवीस बिटांचा प्रत्येक नमुना तीन बाइटांचा असतो, आणि वाचायला सुरुवात एक बाइट जरी पुढेमागे झाली तरी प्रत्येक आकडा चुकीच्या ठिकाणी तुटतो आणि आवाजाच्या जागी नुसता गोंगाट उरतो. सुरुवात शून्याऐवजी एक बाइटावरून केली, तरी खरखरच. दोन बाइटांवरून केली, तेव्हा सुरुवातीचा एक सेकंद खरखर आली आणि त्याच्या मागून जात्याची घरघर, आणि त्या घरघरीवर आजींचा आवाज. आमच्या सौभाग्यवती स्वयंपाकघरातून धावत आल्या, कारण मी मोठ्याने काहीतरी ओरडलो होतो. काय ओरडलो ते मला आठवत नाही.

दोन मायक्रोफोनच्या मिळून अडुसष्ट फाइली होत्या. त्या सगळ्या अशा रीतीने उघडून, आरंभीची खरखर आणि शेवटी त्या सॉफ्टवेअरने जोडलेल्या काही बाइटांची टिचकी कापून पुन्हा जतन करायला चार दिवस लागले. बहुतेक तुकड्यांत मी मुद्रण थोडे आधी सुरू केले होते, त्यामुळे गेला तो केवळ खोलीतील शांततेचा एक सेकंद. दोन तुकड्यांत मात्र मी बटण दाबताक्षणीच आजींनी ओवी सुरू केली होती आणि त्या दोन ओव्यांचा पहिला शब्द कायमचा गेला.

मूळ आवाज परत आला म्हणून काम परत आले असे मात्र नव्हते. मुख्य सॉफ्टवेअरच्या ज्या प्रकल्प-फाइलीत कोणता तुकडा कोठे बसवला, कोठे कापला, कोठे आवाज वरखाली केला हे सगळे नोंदलेले असते, ती उघडत नव्हती, आणि रॉ डेटाची युक्ती तिला लागू पडत नाही. अशी इतरांची अकरा कामे होती. एका भजनी मंडळाचा अर्धवट झालेला संच, एका शाळेच्या स्नेहसंमेलनाची सर्व गाणी, एका एकांकिकेचे पार्श्वसंगीत, ज्याचा प्रयोग आठ दिवसांवर आला होता. त्या मुलांना फोन करून सांगताना मला शब्द सुचत नव्हते. त्यांनी सॉफ्टवेअर चोरले नव्हते. त्यांनी विश्वासाने आपला आवाज माझ्या संगणकात ठेवला होता, आणि दार मी उघडे ठेवले होते. आपण म्हणतो की धोका पत्करायचा तर आपला आपण पत्करला, त्यात दुसऱ्याचे काय जाते. पण ध्वनिमुद्रणाच्या धंद्यात संगणकावरील जवळजवळ प्रत्येक फाइल दुसऱ्या कोणाची तरी असते.

दुसरे नुकसान दोन आठवड्यांनी कळले. या प्रकारच्या खंडणीच्या सॉफ्टवेअरसोबत बहुधा पासवर्ड चोरणारा दुसरा प्रोग्रॅमही येतो, आणि तो फाइलींना हात न लावता ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड आणि कुकी गोळा करून पाठवून देतो. कुकी हाती लागली तर काही वेळा मोबाइलवरचा ओटीपीही विचारला जात नाही, कारण समोरच्या संकेतस्थळाला आपण आधीच आत आलेलो आहोत असे वाटते. स्टुडिओच्या यूट्यूब वाहिनीवर कोणी परका शिरला असल्याचे एका भजनी मंडळाच्या अध्यक्षांनी मला फोन करून सांगितले. ती वाहिनी परत मिळाली, मात्र तिच्यावरील काही व्हिडिओ गेले. बँकेचा पासवर्ड मी ब्राउझरमध्ये ठेवत नव्हतो, एवढेच त्यातल्या त्यात बरे. ज्यांच्यावर असा प्रसंग आला आहे त्यांनी प्रथम दुसऱ्या, स्वच्छ यंत्रावरून सगळे पासवर्ड बदलावेत, सर्व ठिकाणांहून लॉगआउट व्हावे आणि पैशांचा संबंध असेल तर सायबर फसवणुकीच्या तक्रारीसाठी असलेल्या १९३० या क्रमांकावर लगेच तक्रार नोंदवावी. फाइलींचा विचार त्यानंतर करावा. मी उलट क्रमाने केले.

पुष्कळ मित्रांनी मला सांगितले, की तू चुकीच्या ठिकाणाहून उतरवलेस, अमुक टोळीचा क्रॅक विश्वासाचा असतो. या ‘विश्वासाच्या क्रॅक’विषयी मी त्यानंतर बरेच वाचले. मूळ निर्माता आपल्या फाइलीवर डिजिटल स्वाक्षरी करतो. फाइलीच्या प्रॉपर्टीजमध्ये ती पाहता येते, आणि फाइलीत एका बाइटाचाही बदल झाला तर ती स्वाक्षरी अवैध ठरते. क्रॅक म्हणजेच फाइलीत केलेला बदल. म्हणून क्रॅक केलेल्या फाइलीची स्वाक्षरी खरी असूच शकत नाही, आणि ती नसली म्हणजे मूळ क्रॅक करणाऱ्याने जे बांधले तेच आपल्यापर्यंत आले, की मधल्या चार हातांपैकी कोणी त्यात आपले काही भरले, हे ओळखण्याचा साधा मार्ग उरत नाही. क्रॅक करणारा कितीही कुशल आणि स्वतःच्या दृष्टीने सचोटीचा असला तरी त्याच्या नावाचे गाठोडे कोणीही बांधू शकतो.

आमच्या धंद्याला हेरून केलेला प्रकारही घडलेला आहे. इसेट या स्लोव्हाकियातील सुरक्षा कंपनीने जून २०१९ मध्ये ‘लाउडमायनर’ नावाच्या सॉफ्टवेअरची माहिती प्रसिद्ध केली. एका संकेतस्थळावर संगीताशी संबंधित क्रॅक केलेली १३७ सॉफ्टवेअर मांडलेली होती, ९५ मॅकसाठी आणि ४२ विंडोजसाठी, आणि त्यांच्या पोटातून निदान ऑगस्ट २०१८ पासून हे लाउडमायनर लोकांच्या संगणकात जात होते. आत गेल्यावर ते संगणकातच एक छोटा आभासी संगणक उभा करत असे, मॅकवर क्यूईएमयूच्या आणि विंडोजवर व्हर्च्युअलबॉक्सच्या आधाराने, आणि त्यात लिनक्स चालवून मोनेरो हे आभासी चलन तयार करत असे. वीज आपली, यंत्र आपले, चलन त्यांचे. संगीतवाल्यांनाच का निवडले, याचे या संशोधकांनी दिलेले कारण वाचून मला आपल्याच खोलीचे वर्णन वाचल्यासारखे वाटले. आपले संगणक ताकदीचे असतात, आणि त्यांचा प्रोसेसर भरून वाहत असला, पंखा घोंघावत असला, तरी आपण ते एखाद्या जड प्लगिनच्या माथी मारून मोकळे होतो. बफर, म्हणजे संगणक एका वेळी हाताळतो तो आवाजाचा तुकडा, १२८ वर ठेवला की टिकटिक येते, २५६ वर ठेवला की गायकाला हेडफोनमध्ये आपलाच आवाज उशिरा येतो, आणि आपण दुकानात जाऊन नवी रॅम विचारतो. त्या टिकटिकीमागे आत बसलेला दुसराच कोणी असेल, असा विचार माझ्या मनात तरी कधी आला नव्हता.

रोजच्या अडचणींचा उल्लेख थोडक्यात करतो, कारण त्या सर्वांना परिचित आहेत. क्रॅकच्या भीतीने विंडोज अद्ययावत करायचे नाही, मुख्य सॉफ्टवेअरची आवृत्ती सहा वर्षे तीच ठेवायची, मुंबईहून आलेला प्रकल्प उघडला नाही तर सबबी सांगायच्या आणि आपला प्रकल्प पुण्याच्या स्टुडिओत पाठवताना प्रत्येक वाहिनी वेगळी वेव्ह करून द्यायची, असे माझे चालले होते. काही निर्माते तर क्रॅक ओळखणाऱ्या तपासण्या अशा लपवतात की त्या पहिल्या दिवशी काहीच करत नाहीत आणि काही आठवड्यांनी प्लगिनचे वर्तन हळूहळू बिघडवतात. भजनाच्या भर मुद्रणात प्लगिन गप्प झाले तर बुवांना त्याचे कारण काय सांगणार?

कायद्याची बाजूही आपल्यापैकी फार थोड्यांना ठाऊक असते. कॉपीराइट कायदा, १९५७ यानुसार संगणक प्रोग्रॅम ही ‘साहित्यकृती’ या व्याख्येत येते, म्हणजे कथासंग्रहाला जे संरक्षण आहे तेच प्लगिनलाही आहे. त्याच कायद्याचे कलम ६३-बी प्रोग्रॅमची चोरीची प्रत जाणूनबुजून वापरणाऱ्यासाठी आहे. कमीत कमी सात दिवस आणि जास्तीत जास्त तीन वर्षे कैद, आणि पन्नास हजारांपासून दोन लाखांपर्यंत दंड. वापर धंद्यातील फायद्यासाठी नसेल तर न्यायालय कैद न देता पन्नास हजारांपर्यंत दंडावर सोडू शकते, परंतु पाटी लावून, तासाचे पैसे घेऊन चालणाऱ्या स्टुडिओला या सवलतीचा आधार घेता येत नाही. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५-अ तर हक्कभंगाच्या हेतूने संरक्षक कुलूप मोडण्यालाच स्वतंत्र गुन्हा मानते. कायद्याच्या भीतीपेक्षा मला अधिक लागली ती दुसरी गोष्ट. काही वर्षांपूर्वी आम्ही परिश्रमाने मुद्रित केलेला एक अभंगांचा संच बसस्थानकाजवळच्या मोबाइल दुकानांतून वीस-वीस रुपयांत मेमरी कार्डात भरून दिला जात होता, आणि त्या मंडळाचे लोक व मी रागाने तेथे जाऊन भांडलो होतो. भांडून परत आलो आणि चोरीच्याच सॉफ्टवेअरवर पुढचे काम करायला बसलो. त्या दिवशी मला त्यात काही विसंगत वाटले नव्हते.

आता पैशांविषयी, कारण खरी अडचण तेथेच आहे आणि ती मी नाकारणार नाही. डॉलरमध्ये ठरलेल्या किमती सांगलीच्या तासाच्या दराला परवडत नाहीत, हे खरे आहे. पण परवडणारे काय आहे याची चौकशी मी सहा वर्षांत एकदाही केली नव्हती. त्या फेब्रुवारीत मी रीपर हे ध्वनिमुद्रणाचे सॉफ्टवेअर घेतले. त्याचा साठ दिवसांचा चाचणीकाळ कोणतीही सोय न कापता मिळतो, आणि वर्षाची उलाढाल वीस हजार डॉलरच्या आत असलेल्या धंद्याला ते साठ डॉलरमध्ये पडते. मला त्या वेळी साडेचार हजार रुपयांच्या आत पडले. खंडणीवाल्यांनी सवलतीत मागितलेल्या रकमेचा हा आठवा भागही नव्हता. केवळ निवेदन किंवा पुस्तकवाचन मुद्रित करणाऱ्याला ऑडॅसिटी पुरते, आणि त्याला पैसे लागत नाहीत. लिनक्सची सवय असेल तर आर्डर हे मुक्त सॉफ्टवेअर पूर्ण स्टुडिओचे काम करते. मॅक असेल तर गॅरेजबँड मोफत आहे. एफएल स्टुडिओ एकदा विकत घेतले की पुढच्या आवृत्त्या आयुष्यभर मोफत मिळतात, म्हणून ताल आणि बीट तयार करणाऱ्या तरुणांना मी तेच सुचवतो. आणि एक गोष्ट मला आजही हळहळ लावते. माझ्या ऑडिओ इंटरफेसच्या, म्हणजे मायक्रोफोन संगणकाला जोडणाऱ्या यंत्राच्या, खोक्यात, माहितीपत्रकाखाली, एका नामांकित सॉफ्टवेअरच्या छोट्या आवृत्तीचे लायसन्स देणारे कार्ड होते. ते खोके तीन वर्षे माळ्यावर पडून होते. नवा इंटरफेस घेणाऱ्याने ते कार्ड आधी शोधावे.

जात्याची घरघर कमी करण्यासाठी मग मी ते महागडे प्लगिन वापरलेच नाही. रीपरसोबतच एक प्लगिन येते, ज्याला नुसत्या घरघरीचा नमुना ऐकवला की ते तेवढीच काही प्रमाणात वजा करते. त्याने आणि हाताने केलेल्या इक्वलायझरने काम झाले. जास्त वेळ लागला, प्रत्येक तुकडा वेगळा ऐकावा लागला, पण आजींचे शब्द उमटले. बॅकअपची डिस्क आता प्रत लिहिण्यापुरतीच जोडली जाते आणि काढून कपाटात जाते. दुसरी डिस्क मिरजेला बहिणीकडे असते आणि महिन्यातून एकदा बदलली जाते. ही व्यवस्था खरे तर आम्ही महापुरातच शिकायला हवी होती.

सगळे तुकडे तयार झाल्यावर त्या शिक्षकांना बोलावून घडलेले जसेच्या तसे सांगितले, चोरीच्या सॉफ्टवेअरसकट. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, “दादा, आजीचा आवाज तर राहिलाय न्हवं?” मी त्यांना हेडफोन दिले. त्या दोन ओव्या पुन्हा मुद्रित करायला येतो असे मी सांगितले होते, परंतु मार्चमध्ये टाळेबंदी लागली, गावात जाणे बंद झाले, आणि पुढच्या वर्षी आजी गेल्या.

शिक्षकांच्या आई, म्हणजे आजींच्या सूनबाई, एकदा सांगलीला दवाखान्यात आल्या होत्या तेव्हा स्टुडिओवर येऊन गेल्या. ते दोन तुकडे त्यांनी डोळे मिटून ऐकले. दोन्ही ओव्या त्यांनी सासूबाईंबरोबर दळताना म्हटल्या होत्या. एकीचा गेलेला शब्द ‘बंधवा’ होता आणि दुसरीचा ‘सरलं’. त्यांच्या आवाजात ते शब्द मुद्रित करून तेथे जोडावेत का, असे मी विचारले. त्या नको म्हणाल्या. ते दोन शब्द मी त्या दोन फाइलींच्या नावांत लिहून ठेवले आहेत.